इंदूरहून सांची, एका दिवसात : पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी

इंदूरला बदली होऊन आलेल्या माणसाला शेजारीपाजारी पहिल्या वर्षात तीनच नावं सांगतात: उज्जैन, ओंकारेश्वर, मांडू. सांचीचं नाव काढलं की उत्तर येतं, "लांब आहे हो, भोपाळच्याही पुढे." लांब आहे हे खरं. पण सकाळच्या गाडीनं निघून त्याच रात्री घरी परतता येतं, आणि मधे सांचीच्या, बौद्ध स्तूपांच्या टेकडीवर चांगले सहा तास मिळतात.

मी पहिल्यांदा गेले ती एका टूरवाल्याच्या बसनं. त्यानं आम्हाला मोठ्या स्तूपापाशी सोडलं, पाऊण तासानं शिट्टी वाजवली आणि आम्ही फोटो घेऊन परत बसमध्ये बसलो. घरी आल्यावर मुलीनं विचारलं, "त्या दगडांवर काय कोरलं होतं?" मला एकही गोष्ट सांगता आली नाही. त्यानंतर मी पाच वेळा गेले, दर वेळी रेल्वेनं आणि दर वेळी तिथला गाइड घेऊन; कधी घरच्यांबरोबर, दोनदा आमच्या भिशीतल्या बायकांना घेऊन. सांची नुसती पाहून हाती लागत नाही, ती वाचावी लागते. आणि वाचायला शिकवणारं कुणीतरी शेजारी उभं असावं लागतं.

आधी वार ठरवा

सगळी आखणी वारावर अवलंबून आहे. पायथ्याचं पुरातत्त्व संग्रहालय शुक्रवारी बंद असतं. दुसऱ्या खेपेला मी नेमकी शुक्रवारी गेले आणि अशोकस्तंभाचे सिंह न पाहताच परतले. इंदूरहून सकाळी सुटणारी वंदे भारत रविवारी धावत नाही. म्हणजे उरले सोमवार ते गुरुवार आणि शनिवार. नोकरी करणाऱ्यांनी शनिवार धरावा.

महिने नोव्हेंबर ते फेब्रुवारी. टेकडीवर सावली कमी आहे आणि दगड तापतो, त्यामुळे एप्रिल-मे मध्ये लहान मुलांना आणि वयस्कांना नेऊ नका. पावसाळ्यात टेकडी हिरवीगार दिसते, पण जुन्या पायऱ्यांवरून पाय घसरतो. नोव्हेंबरच्या शेवटी इथे मोठा मेळा भरतो. त्या वेळी सारिपुत्त आणि महामोग्गलान या बुद्धांच्या दोन प्रमुख शिष्यांच्या अस्थी दर्शनासाठी बाहेर ठेवल्या जातात. श्रीलंकेपासून लोक येतात. श्रद्धेनं जाणाऱ्यांनी तेव्हाच जावं. शिल्पं निवांत पाहायची असतील तर मात्र ते दिवस टाळावेत, कारण तोरणांपाशी, म्हणजे स्तूपाच्या कोरीव दगडी प्रवेशद्वारांपाशी, थांबायला जागा मिळत नाही.

तिकीट आणि गाडी

इंदूर-नागपूर वंदे भारत सकाळी सहाच्या सुमारास इंदूरहून सुटते आणि नवाच्या आसपास भोपाळला पोहोचते. संध्याकाळी हीच गाडी नागपूरहून परत येते, रात्री साडेआठनंतर भोपाळला मिळते आणि मध्यरात्रीच्या आधी इंदूरला सोडते. वेळा अधूनमधून बदलतात, म्हणून तिकीट काढताना आणि निघायच्या आदल्या रात्री पुन्हा एकदा पाहून घ्या. आरक्षण ६० दिवस आधी उघडतं. जाण्याचं आणि येण्याचं तिकीट एकाच बैठकीत काढा. जाण्याची जागा सहज मिळते. परतीची, विशेषतः शनिवारची, लवकर भरते. गाडीतला नाश्ता नको असेल तर आरक्षण करतानाच तसं नोंदवता येतं, पैसे वाचतात. आम्ही दशम्या, लसणाची चटणी आणि केळी नेतो. डब्यात कोरडं खाणं असलं की दुपारी टेकडीवरही उपयोगी पडतं.

उज्जैनला गाडी थांबते आणि पुढे उलट्या दिशेनं निघते. पहिल्यांदा बसलेले घाबरतात, की गाडी परत इंदूरला निघाली काय. तसं काही नाही. इंदूरकडची देवासची आणि भोपाळकडची मक्सीची, या दोन्ही लाइनी उज्जैन स्टेशनात एकाच बाजूनं येतात, म्हणून दिशा बदलावी लागते.

उज्जैन सोडलं की सोबतच्या मुलांना एक गोष्ट सांगा. अशोक राजा होण्याआधी उज्जयिनीचा कारभार पाहत होता. तिकडे जाताना तो विदिशेला थांबला आणि तिथल्या एका व्यापाऱ्याच्या मुलीशी, देवीशी, त्यानं लग्न केलं, असं श्रीलंकेचा 'महावंस' हा जुना पाली ग्रंथ सांगतो. महिंद आणि संघमित्ता ही त्यांची मुलं. महिंद धम्म घेऊन लंकेला निघाला तेव्हा आधी आईला भेटायला विदिशेला गेला आणि आईनं बांधवलेल्या टेकडीवरच्या विहारात राहिला. ती टेकडी म्हणजे सांची, असं बहुतेक अभ्यासक मानतात. तुमची गाडी उज्जैनहून त्याच दिशेनं चाललेली असते. टेकडीवर पोहोचण्याआधी मुलांना ही आई आणि हा मुलगा माहीत असले, की दगडांकडे ती वेगळ्या नजरेनं पाहतात.

या गाडीबद्दल मला आणखी एक गोष्ट मनापासून आवडते. इंदूरजवळचं महू हे बाबासाहेबांचं जन्मस्थान. १४ एप्रिल १८९१ ला ते तिथे जन्मले. गाडीचं दुसरं टोक नागपूर, जिथे १४ ऑक्टोबर १९५६ ला त्यांनी धम्मदीक्षा घेतली. दीक्षाभूमीचा घुमट सांचीच्या स्तूपाच्या घाटाचा आहे. फरक एवढाच की सांचीचा स्तूप आतून भरीव आहे आणि दीक्षाभूमीचा पोकळ, माणसांना आत बसता येईल असा. आणि या दोन टोकांच्या मधे भोपाळ, जिथे उतरून आपल्याला सांचीला जायचं आहे. आमच्या ओळखीतली नागपूरची एक मंडळी याच गाडीनं भोपाळला येऊन एक मुक्काम करतात आणि सांची पाहतात. त्यांच्याकडून एका दिवसात जमत नाही, इंदूरकरांना जमतं.

भोपाळ ते सांची

अंतर ४५-५० किलोमीटर. दोन पर्याय आहेत.

पहिला पर्याय म्हणजे पुन्हा रेल्वे. बीनाकडे जाणाऱ्या पॅसेंजर, मेमू आणि काही एक्सप्रेस गाड्या सांचीला थांबतात. निशातपुरा, सुखी सेवनिया, दिवानगंज, सलामतपूर अशी छोटी स्टेशनं घेत पाऊण ते एक तासात पोहोचवतात. साधं तिकीट खिडकीवर किंवा मोबाइलवरच्या रेल्वेच्या अॅपवर निघतं. जलद गाड्या सांचीला थांबत नाहीत. त्या पुढे विदिशेला थांबतात. विदिशेहून सांची नऊ-दहा किलोमीटर मागे आहे, रिक्षा आणि बस मिळतात. भोपाळहून जाताना उजव्या हाताच्या खिडकीशी बसा. सांची स्टेशन यायच्या सुमारास त्याच बाजूला टेकडी दिसते आणि तिच्या माथ्यावर स्तूपाचा घुमट. माझी आई हे पहिल्यांदा पाहून गाडीतच हात जोडून उभी राहिली होती.

दुसरा पर्याय म्हणजे मोटार. तुमची गाडी पोहोचते त्या सुमाराची लोकल नसेल तर सातआठ जणांनी मिळून एक मोठी टॅक्सी करावी. तास-सव्वा तास लागतो. दर आधी ठरवा, आणि "सांची जाऊन संध्याकाळी परत, मधे थांबणं धरून" असं स्पष्ट बोलून घ्या. नाहीतर थांबण्याच्या तासांवरून संध्याकाळी वाद होतो. वाटेत कर्कवृत्ताची पाटी आणि रस्त्यावर आखलेली रेघ लागते. मुलांना पाच मिनिटं उतरवा. भूगोलाच्या पुस्तकातली ती रेघ पायाखाली आली की त्यांना फार मौज वाटते.

माझं मत विचाराल तर जाताना लोकल आणि येताना मोटार. सकाळी उशीर झाला तर अर्धा तासच जातो. संध्याकाळी लोकल चुकली तर इंदूरची गाडी चुकते.

गाइड कसा निवडायचा

ही पायरी घाईनं उरकू नका. सगळ्या सहलीचा जीव इथे आहे.

तिकीट टेकडी चढायच्या आधीच काढा. भारतीय पर्यटकांचं तिकीट स्वस्त आहे आणि १५ वर्षांखालच्या मुलांना लागत नाही. तिकिटाच्या आसपास गाइड भेटतात. परवान्याचं ओळखपत्र पाहा, पैसे ठरवा आणि मुख्य म्हणजे वेळ ठरवा. "किती घ्याल?" एवढंच विचारून चालत नाही, "किती वेळ द्याल?" हेही विचारा. चाळीस मिनिटांत सगळं दाखवतो म्हणणारा गाइड घेऊ नका. आम्ही दोन-अडीच तासांचं बोलतो आणि थोडे जास्त पैसे देतो.

निवडताना मी दोन प्रश्न विचारते. पहिला: "आनंदवाला लेख दिखाओगे, भैया?" दुसरा: "हाथीदाँतवालों का लेख किधर है?" हे लेख काय आहेत ते पुढे येईलच; ज्याला ही दोन्ही ठिकाणं माहीत आहेत त्याला सांची माहीत आहे. जो गोंधळून "सब दिखा देंगे मैडम" म्हणतो, त्याला नमस्कार करून पुढच्याकडे जा. गाइड हिंदीत बोलतात. घरातल्या म्हाताऱ्यांना हिंदीतले बौद्ध शब्द अवघड वाटतात, म्हणून सोबतच्या एकानं मराठीतून सांगत राहावं. भिशीच्या सहलीत हे काम मी करते, आणि सांगता सांगता मलाच जास्त समजत जातं.

टेकडीवर कोणत्या क्रमानं

मोठा स्तूप समोर आला की सगळे थेट त्याच्याकडे धावतात. धावू द्या, दहा मिनिटं नुसतं पाहू द्या. खिशात २०० रुपयांची नोट असेल तर ती काढून ताडून पाहण्याचा मोह सगळ्यांना होतो, तोही होऊन जाऊ द्या. मग गाइडला दक्षिण तोरणापाशी न्यायला सांगा.

सुरुवात दक्षिणेकडूनच करायची, कारण मोडलेला अशोकस्तंभ तिथे आहे. जागेवर त्याचं खोडच उरलं आहे. दगडाची चकाकी हातभर अंतरावरून पाहा. सव्वादोन हजार वर्षांपूर्वीचा हा तुळतुळीतपणा अजून टिकला आहे. स्तंभावर अशोकाची ताकीद कोरलेली आहे: जो भिक्षू किंवा भिक्षुणी संघात फूट पाडेल, त्याला पांढरी वस्त्रं नेसवून संघाबाहेर ठेवावं. एखाद्या जमीनदारानं हा स्तंभ उसाच्या चरकासाठी फोडला, असं इथे सांगतात.

आता स्तूप. अशोकानं बांधला तो विटांचा होता, आकारानं आजच्या निम्मा. तो आजच्या स्तूपाच्या पोटात आहे. शुंग राजांच्या काळात त्यावर दगडी आवरण चढलं आणि भोवती दगडी कठडा आला. आजचा व्यास सुमारे ३६.५ मीटर, उंची सुमारे १६.५ मीटर. त्यानंतर, इसवी सनापूर्वी पहिल्या शतकात, चार तोरणं उभी राहिली. मराठी माणसानं इथे जरा जास्त वेळ थांबावं. दक्षिण तोरणाच्या सर्वांत वरच्या आडव्या तुळईवर एक स्तूप कोरला आहे आणि त्याच्या अंगावर लेख आहे: राजा श्री सातकर्णीच्या कारागिरांचा प्रमुख, वासिष्ठीपुत्र आनंद, याचं हे दान. सातकर्णी म्हणजे सातवाहन. ज्यांची राजधानी आपलं पैठण, त्यांच्या मुख्य कारागिरानं ही तुळई दिली आणि आईच्या नावानं स्वतःची ओळख कोरली. मी हा लेख दर वेळी शोधते आणि दर वेळी घसा दाटून येतो.

त्याच तोरणाच्या खांबावर दुसरा लेख आहे: "वेदिसकेहि दंतकारेहि रूपकंमं कतं." विदिशेच्या हस्तिदंत कोरणाऱ्यांनी हे कोरीव काम केलं. हे वाक्य ऐकलं की नक्षी इतकी बारीक का, ते लगेच उमगतं. हस्तिदंताच्या डबीवर बोटभर जागेत गर्दी कोरायची सवय असलेल्या हातांनी दगडावरही तशीच गर्दी कोरली आहे.

दोन अक्षरं इथेच शिकून घ्या, ती दिवसभर पुरतात. कठड्याच्या खांबांवर आणि आडव्या पट्ट्यांवर शेकडो छोटे लेख आहेत. बहुतेकांचा शेवट एकाच शब्दानं होतो: "दानं". यातला "नं" या लेखांच्या ब्राह्मी लिपीत सहज ओळखता येतो: एका आडव्या रेघेवर उभी रेघ, आणि शेजारी टिंब. जेम्स प्रिन्सेप या इंग्रज अभ्यासकानं १८३७ मध्ये सांचीच्या लेखांत पुन्हा पुन्हा येणारा हाच शेवट हेरला, हा दान या अर्थाचा शब्द असणार असा अंदाज बांधला आणि तिथून ब्राह्मी लिपी उलगडत गेली. मुलांना ते टिंब शोधायला लावा. आमच्या गटातल्या एका नऊ वर्षांच्या मुलानं तासाभरात चाळीसेक "दानं" मोजले होते.

गाइडला त्यातले काही लेख वाचून दाखवायला सांगा. कुणी भिक्षुणी, कुणी गृहिणी, कुणी व्यापारी, कुणी अख्खं गाव. उज्जैनहून आलेल्या दात्यांची नावंही आहेत. आपण सकाळी ज्या स्टेशनात बसल्या जागी उलटे झालो, तिथल्या बायकांनी या कठड्याची एकेक पट्टी दिली आहे. मोठ्या राजाचं बांधकाम म्हणून जे आपण पाहतो, त्यातला कठडा असा एकेका माणसाच्या कमाईतून उभा राहिला.

मग आत शिरून डावीकडून उजवीकडे, स्तूप उजव्या हाताला ठेवून, प्रदक्षिणा घाला. वरच्या प्रदक्षिणापथाला दक्षिणेकडून जिना आहे. उघडा असेल तर तिथूनही एक फेरी घ्या. कठडा पाहताना हे दगड लाकडासारखे एकात एक खोचले आहेत, हे बघा. सुतारकामाचे सांधे जसेच्या तसे दगडात आले आहेत.

बुद्ध कुठे आहेत?

हा प्रश्न सोबतचं कुणीतरी विचारतंच, आणि नाही विचारला तर तुम्ही विचारा. या चारही तोरणांवर बुद्ध माणसाच्या रूपात एकदाही दिसत नाहीत. जिथे ते असायला हवेत तिथे रिकामं आसन आहे, पिंपळ आहे, चक्र आहे, पावलांची खूण आहे किंवा छत्र धरलेलं आहे.

हे समजावून घ्यायला पूर्व तोरणाची मधली तुळई सगळ्यांत सोपी. डाव्या बाजूला कपिलवस्तू नगर. तिथून एक घोडा निघतो. पाठीवर कुणी नाही, पण वर छत्र धरलं आहे. म्हणजे सिद्धार्थ घोड्यावर आहे. तोच घोडा पुढे, आणखी पुढे, असा पुन्हा पुन्हा कोरला आहे. तो चालतो आहे, असं वाचायचं. उजव्या टोकाला मोठी दोन पावलं आणि त्यांच्यावर छत्र; सारथी छन्न पावलांपुढे वाकला आहे. आणि खाली घोडा परत निघाला आहे. आता त्याच्यावर छत्र नाही. छत्राकडे लक्ष ठेवलं की अख्खं महाभिनिष्क्रमण, म्हणजे सिद्धार्थाचं घर सोडून जाणं, एका शब्दाविना वाचता येतं. भिशीतल्या आमच्या एका काकू इथे बराच वेळ बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "घोडा रिकामा परत आला की गं."

पूर्व तोरण सकाळी पाहावं, ऊन समोरून येतं. आंब्याच्या फांदीला धरून झुललेली यक्षीही याच तोरणावर आहे, तुळईच्या टोकाखाली. उत्तर तोरण सगळ्यांत कमी मोडलेलं. रिकाम्या आसनापुढे मधाचं भांडं धरून उभं असलेलं माकड त्याच्या खांबावर शोधा. पश्चिमेचं तोरण दुपारनंतरसाठी ठेवा. त्याच्या खांबांवर तुळया पेलणारे पोटसुटे बुटके गण आहेत आणि तिरप्या उन्हात त्यांचे चेहरे खुलतात. हे तोरण एकदा कोसळलं होतं. १८२२ मध्ये एका इंग्रज अधिकाऱ्यानं आत खजिना असेल म्हणून स्तूपाला पश्चिमेकडून भगदाड पाडलं होतं. पुढे तोरण पुन्हा उभारलं गेलं, आणि १९१२ ते १९१९ या काळात पुरातत्त्व खात्याचे प्रमुख जॉन मार्शल यांनी सगळ्या टेकडीचं नीट जतन केलं, म्हणून आज आपल्याला हे उभं दिसतं.

आत चारही प्रवेशांसमोर बसलेल्या बुद्धमूर्ती दिसतील. मग आत्ताच तर म्हणालात मूर्ती नाहीत, असं मुलं विचारतील. या मूर्ती पाचशे वर्षांनंतरच्या, गुप्तकाळातल्या आहेत. कठड्यावर इसवी सन ४५०-५१ चा एक लेख आहे: हरिस्वामिनी नावाच्या उपासिकेनं रोज एका भिक्षूच्या जेवणासाठी आणि बुद्धांपुढे दिवे लावण्यासाठी पैसे ठेव म्हणून दिले. व्याजावर दिवा चालावा, अशी तिची सोय.

मोठ्या स्तूपाजवळच तिसरा स्तूप आहे, एकाच तोरणाचा. सारिपुत्त आणि महामोग्गलान यांच्या अस्थी इथे सापडल्या. १८५१ मध्ये इंग्रज पुरातत्त्वज्ञ कनिंगहॅम यांनी तो उघडला तेव्हा दगडी पेट्यांवर दोघांची नावं होती, आणि आतल्या डब्यांच्या झाकणांवर शाईनं लिहिलेलं एकेक अक्षर, "सा" आणि "म". शाई दोन हजार वर्षं टिकली. पुढे अस्थी इंग्लंडला गेल्या. त्या परत आल्या आणि १९५२ मध्ये टेकडीवर बांधलेल्या नव्या चेतियगिरी विहारात ठेवल्या गेल्या. विहारात जाताना पायताण बाहेर काढा, आवाज कमी ठेवा, आणि दारातून फोटो काढत उभे राहू नका. तिथे लोक वंदनेला आलेले असतात.

सतरा क्रमांकाचं छोटं सपाट छपराचं मंदिर जाता जाता पाहा. गुप्तकाळातलं, चार खांबांची ओसरी आणि एक गाभारा, बस. पुढे हिंदुस्थानभर जी मंदिरं उभी राहिली त्यांचं बाळरूप इथे आहे.

दुपार

साडेबारा-एकला ऊन चढलं की खाली उतरा. जेवण पायथ्याशी साध्या ढाब्यांवर किंवा पर्यटन विभागाच्या हॉटेलात होतं. जेवून संग्रहालय. आत शिरताच अशोकस्तंभाचे पाठीला पाठ लावलेले चार सिंह. सारनाथच्या सिंहांचे फोटो आपण नाण्यांवर पाहत आलो. हे त्यांचेच भाऊ. चाळीस मिनिटं पुरतात. संग्रहालय सकाळी आधी पाहावं असं काही जण सांगतात. मला पटत नाही. टेकडीवर दगड जागच्या जागी पाहिल्यावरच खाली ठेवलेला दगड बोलतो.

तीननंतर पुन्हा वर जा, या वेळी दुसऱ्या क्रमांकाच्या स्तूपासाठी. तो पश्चिमेच्या उतारावर खाली आहे, आणि बहुतेक लोक त्याला चुकवतात. गाइड टाळाटाळ करतो, कारण परत चढावं लागतं. तुम्ही टाळू नका. गुडघे दुखणाऱ्यांना मात्र वरच पश्चिम तोरणापाशी सावलीत बसवा. या स्तूपाला तोरण नाही, फक्त कठडा. पण त्यावरची नक्षी मोठ्या स्तूपाच्या तोरणांहून जुनी आहे. गोल चकत्यांत कमळं, हत्ती, घोड्याच्या तोंडाची बाई. रेषा साध्या, थोड्या अवघडलेल्या. इथला हात आणि वरच्या आनंदाच्या तोरणावरचा हात एका दिवसात, पाठोपाठ पाहिले की मधल्या पिढ्यांनी केवढी मजल मारली ते नुसतं डोळ्यांना दिसतं. इथेच धर्मप्रसारासाठी हिमालयापर्यंत गेलेल्या आचार्यांच्या अस्थी ठेवलेल्या होत्या.

सातधारा, सोनारी, अंधेर अशी स्तूपांची आणखी ठिकाणं आसपास आहेत. विदिशेजवळ उदयगिरीची गुप्तकालीन लेणी आणि हेलिओडोरस या ग्रीक राजदूताचा स्तंभही आहे. मोटार असेल तर टॅक्सीवाला म्हणेल, "सब कवर करा देंगे." एका दिवसात हे भरू नका. ती वेगळी सहल करा, भोपाळला मुक्काम टाकून.

सोबत काय न्यायचं

दर माणशी दीड लिटर पाणी, टोपी किंवा रुमाल, मऊ तळाचे बूट, ओळखपत्र, थोडे सुटे पैसे. दुर्बीण असेल तर नक्की न्या, अगदी मुलांच्या खेळण्यातली चालेल. वरच्या तुळयांवरचं अर्धं कोरीव काम नुसत्या डोळ्यांना लागत नाही. थंडीत शाल घ्या. दुपारी लागणार नाही, परतीच्या गाडीत लागेल.

परत निघताना

पाचच्या आसपास सांची सोडा. लोकलनं जायचं असेल तर ती किती उशिरा धावते आहे ते मोबाइलवर साडेचारलाच पाहा, आणि अर्ध्या तासाहून जास्त उशीर दिसला तर वाट न पाहता टॅक्सी किंवा बस पकडा. साडेसहा-सातला भोपाळ. स्टेशनाजवळ जेवून घ्या, म्हाताऱ्यांना प्रतीक्षालयात टेकू द्या. गाडी नागपूरहून येत असते. इटारसी सोडलं की नाही हे पाहत राहिलं म्हणजे फलाटावर उगाच तासभर उभं राहावं लागत नाही.

इंदूरला उतराल तेव्हा बारा वाजत आलेले असतील. त्या वेळी स्टेशनाबाहेर रिक्षावाले दुप्पट मागतात, म्हणून उज्जैन सुटलं की घरच्यांना फोन करून बोलवून घ्या किंवा टॅक्सी आधीच ठरवून ठेवा. मुलं झोपलेली असतील. त्यांना उठवण्याआधी बाकाखाली पाण्याच्या बाटल्या, टोप्या आणि ती दुर्बीण राहिली नाही ना, एकदा पाहून घ्या.